नव्याण्णवावें मूलद्रव्य : कथेंतलें आणि खरें

दिवाळीची सुट्टी संपून शाळा उघडली, त्या आठवड्यांतली ही गोष्ट. पदार्थविज्ञानाचा तास संपल्यावर एक विद्यार्थी प्रयोगशाळेच्या दाराशीं घुटमळत उभा होता. "काय रे, कांहीं विचारावयाचें आहे काय?" असें म्हणतांच तो जरा संकोचून म्हणाला, "सर, ज्याच्या योगानें काळ मागें फिरवितां येतो असें एखादें मूलद्रव्य खरोखर आहे काय? त्याचा क्रमांक नव्याण्णव आहे."

चौकशी करतां कळलें कीं, सुट्टींत चुलतभावाच्या घरीं त्यानें संगणकावरील एक खेळ पाहिला होता व त्या खेळांतील द्रव्याचें त्याच्या मनानें घेतलें होतें. मला हंसूं आलें. परंतु प्रश्न हंसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. भिंतीवरील मूलद्रव्यांच्या तक्त्याकडे बोट करून मी म्हणालों, "तूंच पाहा." त्यानें तळच्या ओळीवरून बोट फिरवीत नेलें, आणि नव्याण्णवाच्या चौकटीवर येतांच तो थबकला. ती चौकट रिकामी नव्हती. तेथें नांव होतें, आइन्स्टाइनियम. "म्हणजे तें खरेंच आहे तर!" तो उद्गारला.

आहे, आणि नाहींहि. कथेंतलें नव्याण्णवावें मूलद्रव्य व खरें नव्याण्णवावें मूलद्रव्य यांत नांवापलीकडे काय साम्य आहे आणि कोठें भेद आहे, हें मधल्या सुट्टीच्या पांच मिनिटांत सांगणें शक्य नव्हतें. म्हणून तें उत्तर आतां या वार्षिकांतून, त्या एका विद्यार्थ्यालाच नव्हे तर सर्वच विद्यार्थिमित्रांना देत आहें.

प्रथम कथा काय आहे तें पाहूं. 'सिंग्युलॅरिटी' नांवाचा हा खेळ अमेरिकेंतील रॅव्हन सॉफ्टवेअर या संस्थेनें रचला व तो २०१० सालीं प्रसिद्ध झाला. कथेचें स्थळ आहे 'कटोर्गा-१२' नांवाचें एक सोव्हिएत बेट. हें बेट कोणत्याहि नकाशांत सांपडावयाचें नाहीं, कारण तें सर्वस्वीं काल्पनिक आहे. मात्र 'कटोर्गा' हा शब्द रशियन भाषेंत खराच असून सक्तमजुरीची शिक्षा असा त्याचा अर्थ आहे. या बेटावर 'ई-९९', म्हणजे नव्याण्णवावें मूलद्रव्य, सांपडतें. जगांत इतरत्र तें कोठेंहि नाहीं. त्याच्या अंगीं अपार शक्ति आहे असें आढळतांच स्टालिनच्या राजवटींत तेथें गुप्तपणें संशोधन सुरू होतें. पुढें १९५५ सालीं एक भयंकर अपघात होतो, बेट ओस पडतें, आणि सारें प्रकरण दडपून टाकण्यांत येतें.

त्यानंतर पंचावन्न वर्षांनीं, म्हणजे २०१० सालीं, रेंको नांवाचा एक अमेरिकन सैनिक त्या ओसाड बेटावर येऊन पोंचतो. तेथें काळाचा प्रवाहच बिघडलेला असल्यामुळें तो एकाएकीं १९५५ सालांत जाऊन पडतो. समोर इमारत पेटलेली आहे आणि आंत एक मनुष्य मरणाच्या दारीं आहे. कोणीहि भला माणूस जें करील तेंच रेंको करतो. तो त्या मनुष्याला हात देऊन वांचवितो. परंतु आपल्या काळीं परत येऊन पाहतो तों सारें जग पालटलेलें! तो वांचविलेला मनुष्य, डेमिचेव्ह, ई-९९च्या बळावर जगाचा धनी होऊन बसला आहे. पुढें रेंकोच्या हातीं त्याच द्रव्यावर चालणारें एक यंत्र येतें. तें हातावर चढवून मोडक्या जिन्यावर रोखलें कीं जिना पुनः नवा होतो. शत्रूवर रोखलें कीं तो पाहतां पाहतां जरेनें जर्जर होऊन त्याची धूळ होते. हें द्रव्य जितकें समर्थ तितकेंच विषारी. त्याच्या संसर्गानें बेटावरील झाडें, पशु व माणसेंहि विद्रूप झालीं आहेत.

यावरून कथाकारांनीं आपल्या द्रव्याला दोन मुख्य गुण दिले आहेत असें दिसेल. पहिला, तें काळाला मागें व पुढें, दोन्हीं बाजूंनीं फिरवूं शकतें. दुसरा, तें अत्यंत घातक आहे. या दोहोंपैकीं दुसरा गुण खऱ्या नव्याण्णवाव्या मूलद्रव्यांत आहे. पहिला नाहीं, आणि तो नाहीं म्हणूनच दुसऱ्या गुणाची भीति अधिक बाळगली पाहिजे, हेंच मला या लेखांत सांगावयाचें आहे.

मूलद्रव्याचा क्रमांक हा कोणाच्या लहरीनें दिलेला नसतो. परमाणूच्या गर्भांत जितके प्रोटॉन तितका त्या मूलद्रव्याचा क्रमांक. हायड्रोजनच्या गर्भांत एक, ऑक्सिजनच्या आठ, लोखंडाच्या सव्वीस, सोन्याच्या एकुणऐंशीं. एक प्रोटॉन कमी किंवा अधिक झाला कीं द्रव्यच बदलतें. म्हणून नव्याण्णव या एका जागीं दोन निरनिराळीं मूलद्रव्यें असूंच शकत नाहींत. कथेंतील द्रव्य खरें असतें, तर तें आइन्स्टाइनियमच असावें लागलें असतें.

आतां कथेंत तें बेटाच्या भूमींत सांपडतें. प्रत्यक्षांत तसें होणें शक्य नाहीं. खाणींतून मोठ्या प्रमाणावर निघणाऱ्या मूलद्रव्यांत ब्याण्णवावें युरेनियम हें शेवटचें. त्यापुढील द्रव्यें इतकीं अल्पायुषी असतात कीं, पृथ्वीच्या जन्मकाळीं तीं असलीं तरी आज त्यांचा मागमूसहि राहणार नाहीं. आइन्स्टाइनियम हवें असेल तर तें नव्यानें घडवावें लागतें. तें प्रथम कसें घडलें, ही हकीकत कोणत्याहि कथेहून कमी विलक्षण नाहीं. आणि योगायोग असा कीं, या खऱ्या हकीकतींतहि एक बेट आहे, गुप्तता आहे, आणि १९५५ हें सालहि आहे.

प्रशांत महासागरांत मार्शल बेटांचा समूह आहे. त्यांत एनेवेटाक नांवाचें एक प्रवाळकंकण आहे. म्हणजे मध्यें उथळ समुद्र व सभोंवार कंकणाप्रमाणें लहान लहान बेटांची रांग. त्या रांगेंत एलुगेलाब नांवाचें एक बेट होतें. 'होतें' असें मी बुद्ध्या लिहीत आहें. १ नोव्हेंबर १९५२ रोजीं तेथील वेळेप्रमाणें सकाळीं सव्वासात वाजतां अमेरिकेनें त्या बेटावर जगांतील पहिल्या पूर्ण प्रमाणाच्या हायड्रोजन बाँबची चांचणी घेतली. तिचें सांकेतिक नांव 'आयव्ही माइक'. तिची शक्ति १०.४ मेगाटन, म्हणजे १ कोटि ४ लक्ष टन टी.एन.टी. या स्फोटक द्रव्याएवढी होती. हिरोशिमावरील बाँबच्या सुमारें सातशेंपट. स्फोटानंतर एलुगेलाब बेट नाहींसें झालें. त्याच्या जागीं सुमारें दोन किलोमीटर रुंद व पन्नास मीटर खोल असा खड्डा राहिला, आणि त्यांत समुद्र शिरला.

स्फोटाच्या ढगांत काय काय निर्माण झालें आहे, हें जाणण्यासाठीं विमानांना कागदी गाळण्या बसवून तीं त्या ढगांतून नेण्यांत आलीं. त्या वैमानिकांपैकीं कॅप्टन जिमी रॉबिन्सन हा परत आला नाहीं. ढगांतून बाहेर पडल्यावर त्याच्या विमानांतील इंधन संपत आलें, व एनेवेटाकच्या धांवपट्टीपाशीं पोंचतां पोंचतां विमान समुद्रांत कोसळलें. त्याचा देह कधींच हातीं लागला नाहीं. नव्या द्रव्याचा शोध असा एका मनुष्याच्या प्राणाशीं निगडित झाला आहे, हें तक्त्यांतील ती लहानशी चौकट पाहतांना विसरूं नये.

इतर विमानांच्या गाळण्या कॅलिफोर्नियांतील बर्कले येथील प्रयोगशाळेंत गेल्या. तेथें अल्बर्ट गिओर्सो, ग्लेन सीबोर्ग, स्टॅन्ली टॉमसन व त्यांचे सहकारी कामाला लागले. भारी मूलद्रव्यें वेगळीं करण्याची त्यांची रीत समजण्यास सोपी आहे. राळेच्या बारीक मण्यांनीं भरलेली एक नळी घ्यावयाची व वरून द्रावण सोडावयाचें. निरनिराळीं द्रव्यें त्या मण्यांना कमीअधिक काळ चिकटून राहतात, आणि मग ठराविक क्रमानें थेंबाथेंबानें खालीं उतरतात. कॅलिफोर्नियम हें अठ्ठ्याण्णवावें द्रव्य केव्हां उतरावयाचें तें त्यांस ठाऊक होतें. त्याच्या आधींच्या थेंबांतून आल्फा कण बाहेर पडत असल्याचें यंत्रानें दाखविलें, आणि त्या कणांची ऊर्जा पूर्वीं माहीत असलेल्या कोणत्याहि द्रव्याच्या कणांशीं जुळत नव्हती. नव्याण्णवावें मूलद्रव्य हातीं आलें होतें. किती? दोनशेंहून कमी परमाणु! एका मिठाच्या कणांत अब्जावधि परमाणूंची अब्जावधि पुंजें मावतात, हें ध्यानांत घेतलें म्हणजे या कामाचें कौशल्य कळेल. पुढें एनेवेटाकच्या आसपासचें प्रवाळ गोळा करून त्यांतून अधिक द्रव्य काढण्यांत आलें.

तें निर्माण कसें झालें? बाँबच्या वेष्टणांत युरेनियम होतें. त्याच्या परमाणुगर्भाचें वजन २३८. स्फोटाच्या क्षणीं न्यूट्रॉनांचा असा कांहीं वर्षाव झाला कीं, सेकंदाच्या दशलक्षांशाहूनहि कमी वेळांत कांहीं गर्भांनीं एकापाठोपाठ एक पंधरा न्यूट्रॉन गिळले व त्यांचें वजन २५३ झालें. असा जड गर्भ स्थिर राहूं शकत नाहीं. त्यांतील न्यूट्रॉन एकामागून एक प्रोटॉनांत पालटले. प्रत्येक वेळीं एक इलेक्ट्रॉन बाहेर फेंकला गेला. असें सात वेळां झालें. ब्याण्णव अधिक सात, नव्याण्णव. अशा रीतीनें निमिषाचाहि अवकाश न लागतां त्याची पायाभरणी झाली. परंतु पुढें आपण पाहूं कीं, निमिषांत घडलेली गोष्ट निमिषांत नाहींशी होतेच असें नाहीं.

सर्व प्रकरण लष्करी असल्यामुळें ही बातमी गुप्त ठेवण्यांत आली. १९५५ सालीं हा शोध उघडपणें प्रसिद्ध झाला व नव्याण्णवाव्या मूलद्रव्याला आल्बर्ट आइन्स्टाइन याचें नांव देण्यांत आलें. त्याच ढिगाऱ्यांत सांपडलेल्या शंभराव्या द्रव्यास एन्रिको फर्मी याचें नांव मिळालें. फर्मी १९५४च्या नोव्हेंबरांत व आइन्स्टाइन १९५५च्या एप्रिलांत वारले होते. ज्या पुरुषानें काळाविषयींच्या मनुष्याच्या कल्पना मुळापासून बदलल्या, त्याचेंच नांव या मूलद्रव्याला मिळालें. म्हणून काळाची गोष्ट येथें अगदींच अप्रस्तुत नाहीं.

त्या द्रव्याचा घातकपणा कसला आहे? आइन्स्टाइनियम-२५३ या प्रकारचें एक ग्रॅम द्रव्य एकत्र ठेवतां आलें, तर त्यांतून सुमारें १००० वॉट उष्णता अखंड बाहेर पडेल. घरांतील विजेच्या इस्त्रीइतकी. आजवर एका ठिकाणीं एक ग्रॅम कधींच जमलें नाहीं. हें द्रव्य अंधारांत स्वतःच्या तेजानें चमकतें, आणि स्वतःच्याच किरणांनीं स्वतःच्या स्फटिकाची घडण मोडून टाकतें. श्वासावाटे किंवा अन्नावाटे असलें जड किरणोत्सर्गी द्रव्य शरीरांत गेलें, तर त्याचा बराच अंश हाडांत जाऊन बसतो. मात्र खेळांतल्याप्रमाणें तें मनुष्याचा एका रात्रींत राक्षस करीत नाहीं. अल्प मात्रेंत त्याचें काम मुकाट्यानें चालतें. शरीराच्या पेशींना इजा होते. ती कित्येकदां वर्षानुवर्षें दिसत नाहीं, आणि मग कर्करोगाच्या रूपानें प्रगट होऊं शकते. कथेंतलें द्रव्य काळाला हुकूम करतें. खरें द्रव्य काळाची वाट पाहतें. यांत अधिक भयंकर कोणतें, हें वाचकांनींच ठरवावें.

आतां मुख्य प्रश्नाकडे वळूं. खऱ्या नव्याण्णवाव्या मूलद्रव्याचा काळाशीं काय संबंध? संबंध असा कीं, तें स्वतःच एक घड्याळ आहे. या घड्याळाला किल्ली नाहीं, कांटे नाहींत, आणि तें कोणाला थांबवितांहि येत नाहीं.

हें समजण्यासाठीं एक खेळ मनांत आणा. वर्गांत चौसष्ट मुलें उभीं आहेत. प्रत्येकाच्या हातीं एक नाणें आहे. घंटा झाली कीं सर्वांनीं नाणें उडवावयाचें; ज्याचा छाप पडेल त्यानें खालीं बसावयाचें. पहिल्या घंटेनंतर सुमारें बत्तीस मुलें उभीं राहतील, दुसरीनंतर सुमारें सोळा, तिसरीनंतर आठ. अमुक मुलगा केव्हां बसेल हें कोणीहि सांगूं शकणार नाहीं. परंतु एकंदर वर्ग किती वेळांत निम्मा होईल हें सांगतां येतें. किरणोत्सर्गी द्रव्याचें तसेंच आहे. द्रव्य निम्में होण्यास लागणाऱ्या काळास त्याचें अर्धायुष्य म्हणतात. आइन्स्टाइनियम-२५३चें अर्धायुष्य सुमारें साडेवीस दिवस. म्हणजे बर्कले येथें सांपडलेल्या त्या दोनशें परमाणूंपैकीं तीन आठवड्यांनीं शंभर, सहा आठवड्यांनीं पन्नास, आणि सहा महिन्यांनीं बहुधा एकहि उरणार नाहीं. तें द्रव्य भट्टींत घाला, बर्फांत पुरा, तेजाबांत बुडवा. त्याच्या परमाणुगर्भाच्या या घड्याळांत फरक पडत नाहीं. उलट दिशेनें तर तें कधींच चालत नाहीं. आल्फा कण फेंकून आइन्स्टाइनियमचें बर्केलियम झालें, तें आपणहून पुनः आइन्स्टाइनियम होत नाहीं.

या घड्याळाशीं शास्त्रज्ञांना नेहमींच शर्यत लावावी लागते. १९५५ सालीं बर्कलेच्या शास्त्रज्ञांनीं आइन्स्टाइनियमच्या सुमारें एक अब्ज परमाणूंवर आल्फा कणांचा मारा करून एकशें-एकावें मूलद्रव्य मेंडेलेव्हियम घडविलें. प्रथम त्याचे सतराच परमाणु मिळाले. पुढें टेनेसी संस्थानांतील ओक रिज येथील अणुभट्टींत आइन्स्टाइनियम अल्प प्रमाणांत तयार होऊं लागलें. अगदीं अलीकडे, २०२१ सालीं, बर्कलेच्या शास्त्रज्ञांनीं या द्रव्याचे रासायनिक बंध किती लांबीचे असतात हें मोजून प्रसिद्ध केलें. त्यांच्यापाशीं आइन्स्टाइनियम-२५४ हा जरा दीर्घायुषी प्रकार होता. अर्धायुष्य सुमारें २७६ दिवस, आणि वजन एका ग्रॅमाच्या चाळीस लक्षांशाहूनहि कमी. पुढील प्रयोग व्हावयाचे होते, तोंच कोरोनाची सांथ आली व प्रयोगशाळा बंद पडली. महिन्यास सुमारें सात टक्के याप्रमाणें द्रव्य आपोआप कमी होत राहिलें. शास्त्रज्ञ परत आले तेव्हां बरेंच द्रव्य निघून गेलें होतें. काळाला मागें फिरविणारें म्हणून कथेंत गाजलेलें हें मूलद्रव्य, त्याच्याच अभ्यासकांसाठीं कांहीं महिने थांबूं शकलें नाहीं!

येथें एखादा चौकस विद्यार्थी विचारील, "पण सर, आइन्स्टाइननें तर काळ मंद होतो असें सिद्ध केलें आहे ना?" प्रश्न योग्य आहे. अतिशय वेगानें जाणाऱ्या वस्तूचें घड्याळ, स्थिर असलेल्या आपणांस, मंद चालतांना दिसतें, असें आइन्स्टाइननें १९०५ सालीं दाखवून दिलें. याचा एक सुंदर पुरावा आपल्या डोक्यावरच आहे. आकाशांतून येणारे विश्वकिरण वातावरणावर आदळले कीं, म्यूऑन नांवाचे कण सुमारें पंधरा किलोमीटर उंचीवर जन्मतात. स्थिर म्यूऑनचें सरासरी आयुष्य सेकंदाच्या दशलक्षांशाच्या जेमतेम सव्वादोनपट. तेवढ्या वेळांत प्रकाशाच्या वेगानें धांवला तरी तो ६६० मीटरांच्या आसपासच जाईल. तथापि असंख्य म्यूऑन जमिनीपर्यंत येऊन पोंचतात. याचें कारण, त्यांच्या प्रचंड वेगामुळें त्यांचें घड्याळ मंदावतें. मुंबईंत जन्मलेले आपले होमी भाभा त्या वेळीं केंब्रिज येथें होते. अशा कणाचें आयुष्य म्हणजे एक घड्याळच समजतां येईल व वेगामुळें तें लांबेल, असें त्यांनीं १९३८ सालीं 'नेचर' नियतकालिकांत लिहिलें होतें. थोड्याच वर्षांत ब्रूनो रोसी याच्या प्रयोगांनीं तें खरें ठरविलें.

तेव्हां काळाची चाल मंद होते, हें सत्य आहे. परंतु त्यांत दोन गोष्टी लक्षांत ठेवाव्या. एक, यासाठीं कोणतेंहि अद्भुत द्रव्य लागत नाहीं. वेग किंवा गुरुत्वाकर्षण पुरे होतें. दुसरी, चाल मंद झाली तरी दिशा पालटत नाहीं. म्यूऑन उशिरां मरतो. पण मेलेला म्यूऑन पुनः उठत नाहीं. मोडलेला जिना क्षणांत सांधणारें यंत्र आजवर कोणत्याहि प्रयोगांत दिसलें नाहीं.

म्हणून आतां पुनः त्या प्रवाळकंकणाकडे चला. एनेवेटाकवर माणसें राहत होतीं. चांचण्यांसाठीं १९४७च्या डिसेंबरांत त्यांना तेथून उठवून दूरच्या उजेलांग नांवाच्या बेटावर नेऊन ठेवण्यांत आलें. १९४८ ते १९५८ या दहा वर्षांत एनेवेटाकवर त्रेचाळीस अणुस्फोट करण्यांत आले. पुढें १९७७ ते १९८० या काळांत अमेरिकन सैनिकांनीं दूषित माती व मोडतोड गोळा करून रुनिट बेटावरील, एका जुन्या स्फोटानेंच पडलेल्या खड्ड्यांत भरली, आणि तिच्यावर सुमारें दीड फूट जाडीचा काँक्रीटचा घुमट घातला. १९८० सालीं तेथील लोक आपल्या भूमीवर परतले. बाळपणीं गेलेले तिशी उलटल्यावर परतले, आणि कित्येक वृद्ध परतलेच नाहींत. सर्व बेटांवर पूर्वींप्रमाणें निर्धास्त राहणें त्यांच्या नशिबीं उरलें नव्हतें.

त्या दिवशींच्या आइन्स्टाइनियमचें काय झालें? तें केव्हांच संपलें. ज्या द्रव्याचा शोध लागला म्हणून जगानें आनंद मानला, तें वर्षभरांत जवळजवळ नाहींसें झालें. राहिलें तें त्याचें भावंड, प्लुटोनियम. त्याचा नेहमींचा प्रकार जो प्लुटोनियम-२३९, त्याचें अर्धायुष्य सुमारें २४,१०० वर्षें आहे. घुमटाखालीं तें आहे, आणि घुमटाबाहेर, कंकणाच्या आंतील समुद्राच्या तळाशीं, त्याहून कितीतरी अधिक आहे. चोवीस हजार वर्षें म्हणजे किती, याची कल्पना यावी म्हणून सांगतों : मनुष्य लिहूं लागला त्याला पांचएक हजार वर्षें झालीं, आणि आपल्या मराठीच्या जुन्यांत जुन्या शिलालेखांचें वय हजार वर्षांच्या आसपास आहे. आज त्या घुमटावर धोक्याची सूचना लिहून ठेवावयाची तर ती कोणत्या भाषेंत लिहावी? तितक्या दूरच्या काळीं ती वाचणारा कोण असेल?

कथेंतील रेंको आपली चूक सुधारण्यासाठीं मागें जाऊं शकतो. त्याच्या हातीं यंत्र आहे. एलुगेलाब बेट परत आणील असें यंत्र कोणाच्याहि हातीं नाहीं. जिमी रॉबिन्सनच्या विमानांत आणखी दोन गॅलन इंधन घालील असेंहि नाहीं. प्लुटोनियमचें घड्याळ एका दिवसानें तरी पुढें ढकलील, असेंहि नाहीं. सेकंदाच्या दशलक्षांशांत जें केलें, त्याची राखण शेंकडों पिढ्यांना करावी लागणार आहे. काळ फिरवितां येत असता, तर कोणतीहि चूक मोठी ठरली नसती. तो फिरवितां येत नाहीं, म्हणूनच प्रत्येक प्रयोगापूर्वीं विचार करावा लागतो.

हें सर्व मी त्या विद्यार्थ्याला नंतर एका दुपारीं सांगितलें. तो बराच वेळ तक्त्याकडे पाहत राहिला आणि मग म्हणाला, "सर, म्हणजे तो घुमट आतां कोणीतरी सांभाळलाच पाहिजे." खेळांतल्या यंत्राचा विषय त्यानें पुनः काढला नाहीं.

विद्यार्थिमित्रहो, तुमच्यापैकीं कांहीं जण उद्यां रसायनशास्त्रज्ञ होतील, कांहीं अभियंते, कांहीं डॉक्टर, आणि कांहीं अशा प्रयोगांना मंजुरी देणारे अधिकारी. कल्पित कथा अवश्य वाचा, खेळहि पाहा. त्यांनीं मनांत प्रश्न उठतात, आणि प्रश्न हेंच विद्येचें पहिलें पाऊल आहे. फक्त खेळ संपल्यावर एकदां भिंतीवरच्या तक्त्यापाशीं या आणि नव्याण्णवाच्या चौकटीवर बोट ठेवा. तीं चार अक्षरें तेथें येण्यास एक बेट खर्चीं पडलें आहे.